आंघोळीचे पाणी कोणाच्या मापाने?



डिसेंबर-जानेवारीत आपल्या गुडीहत्नूरच्या बाजूला पहाटेचा पारा १० अंशांच्याही खाली उतरतो. कापूस वेचून थंडीने काकडलेल्या माणसाला कढत पाण्याचा मोह होणे साहजिक आहे. कोणाकडे अजून अंगणात बंब पेटतो, कोणाकडे चुलीवर हंडा चढतो, तर कोणी गिझर किंवा बादलीत सोडायची विजेची सळई घेतली आहे. साधन कोणतेही असो, पाणी किती तापवावे हे घरातल्या धट्ट्याकट्ट्या माणसाने ठरवू नये, असे माझे मत आहे.

कारण उघड आहे. नांगर धरणाऱ्या हाताला जे पाणी नुसते ऊन लागते, त्याने बाळाची कातडी सोलून निघते. ६० अंशांच्या पाण्याने प्रौढ माणसालाही पाचेक सेकंदांत खोल भाजते. ५० अंशांच्या पाण्याला त्यासाठी काही मिनिटे लागतात. मुलांची आणि म्हाताऱ्यांची कातडी पातळ, त्यांना याहून लवकर भाजते. मधुमेह जुना झाला की पायांची जाणीव कमी होते. असा माणूस कढत पाण्यात पाय शेकत बसतो, चटका त्याला कळत नाही, आणि फोडाची जखम महिनोन्‌महिने भरत नाही.

म्हणून गिझरचे बटण ५० अंशांच्या आसपास ठेवावे. बंबाला बटण नसते. तिथे विसण हाच उपाय. बादलीत आधी थंड पाणी, मग कढत, हा क्रम घरात सर्वांनी पाळावा. नुसत्या कढत पाण्याची बादली न्हाणीत ठेवून थंड आणायला जाऊ नये; तेवढ्यात मूल तिथे पोहोचते. सळई लावली असेल तर बटण बंद करून, पिन काढल्यावरच पाण्याला हात लावावा.

बाळाला कढत पाण्याने न्हाऊ घातले की हाडे बळकट होतात, असे काही आजीबाई अजून सांगतात. त्यांची माया खरी, पण समजूत खोटी. बाळाला ३७-३८ अंशांचे, म्हणजे आपल्या अंगाइतकेच ऊन पाणी पुरते. हाताचा तळवा राबून घट्ट झालेला असतो, म्हणून कोपर बुडवून पाहावे.

भाजलेच, तर अंगठी-बांगड्या आणि ओले कपडे लगेच काढावेत. कातडीला चिकटलेले कापड मात्र ओढू नये. भाजलेल्या जागी वीस मिनिटे साध्या थंड पाण्याची धार धरावी. हळद, तूप, शाई, दंतमंजन काही लावू नये. स्वच्छ कापडाने सैल झाकावे. मूल असेल, किंवा तोंड, हात, सांधे भाजले असतील, तर १०८ला फोन करून आदिलाबादच्या रिम्स रुग्णालयात न्यावे.

करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या १२व्या अध्यायात संत पौल सांगतात की, शरीराचे जे अवयव दुबळे दिसतात तेच अधिक आवश्यक असतात. कुटुंबही असेच एक शरीर आहे. कर्त्या पुरुषाला पाणी थोडे कोमट वाटले तर त्याचे काही बिघडत नाही. घरातल्या सर्वांत नाजूक जिवाला जे सोसते, तेच त्या घरच्या पाण्याचे माप असावे.

— आपला धर्मगुरू