सरकार देणेकरी होतें तेव्हां

महायुद्धाच्या धामधुमींत, १९४४ सालीं, बंगालमधील आरामबाग येथें मुलकी पुरवठा खात्याच्या अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बी. के. मंडल अँड सन्स या पेढीनें साठवणीचीं गोदामें व इतर बांधकामें करून दिलीं. सरकारनें तीं वापरलीं. पैसे मागतांच मात्र उत्तर मिळालें कीं, करार विहित रीतीनें, अधिकृत अधिकाऱ्याच्या सहीनें झालेला नाहीं. सबब देणें उत्पन्नच होत नाहीं! खालच्या न्यायालयांत हरल्यावरही सरकारनें अपील सोडलें नाहीं. अखेर डिसेंबर १९६१ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें १८७२ च्या करार कायद्याच्या ७० व्या कलमाचा आधार घेऊन निकाल दिला कीं, फुकट म्हणून न केलेल्या कामाचा लाभ ज्यानें घेतला त्यानें मोबदला दिलाच पाहिजे, मग तें सरकार कां असेना. तत्त्व उत्तम ठरलें. पण तें ठरावयास सतरा वर्षें लागलीं.

२०२५ सालीं महाराष्ट्रांतील कंत्राटदारांस थकलेल्या देयकांसाठीं रस्त्यावर यावें लागलें, तेव्हां हा खटला आम्हांस आठवला. कंत्राटदार म्हटला कीं गबर, असा पुष्कळांचा ग्रह असतो. आमच्या पेठेंतील सिमेंट-लोखंडाच्या व्यापाऱ्यानें आपली उधारीची वही उघडून पाहावी, म्हणजे हा ग्रह टिकणार नाहीं. पाण्याची टाकी बांधणाऱ्या लहान कंत्राटदाराचें देयक अडलें कीं मजुरांचा आठवडा व्याजी काढलेल्या पैशांतून भागवावा लागतो, आणि दुकानदाराची बाकी पुढील दिवाळीवर जाते. निकृष्ट काम करणाराचें देयक अवश्य नामंजूर करावें. त्याची कड आम्ही घेत नाहीं. परंतु मोजमाप पुस्तकांत नोंद झाली, अभियंत्याची सही झाली, रस्त्यावरून लोक चालूं लागले, आणि उत्तर काय तर 'अनुदान आलेलें नाहीं'! खासगी गृहस्थानें हें उत्तर दिलें तर त्यास आपण काय म्हणतों?

अशा कंत्राटदारास न्यायालयाचा रस्ता मोकळा आहे असें म्हणतात. तो किती मोकळा आहे तें पाहूं. राज्य वा केंद्र सरकारवर दावा लावण्यापूर्वीं दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ८० व्या कलमान्वयें दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. १९०८ ची ही संहिता परक्या सरकारची. विधि आयोगानें हें कलम काढून टाकण्याची शिफारस केली, तरी तें स्वराज्यांतही कायम आहे. नोटिशीचा हेतु दावा टळावा हा. पण पुष्कळ नोटिशींस उत्तर येत नाहीं वा मोघम येतें, असें सर्वोच्च न्यायालयासच २००५ सालीं म्हणावें लागलें. हुकूमनामा हातीं आला तरी सरकारविरुद्ध त्याची बजावणी आणखी तीन महिने मागतां येत नाहीं. इकडे मुदतीचा कायदा मात्र कोणासाठीं थांबत नाहीं. काम झाल्यापासून साधारणपणें तीन वर्षें संपलीं कीं दावा बुडाला. 'साहेबांनीं पुढचा महिना सांगितला आहे' या भरंवशावर हीं तीन वर्षें घालविलेले पक्षकार आम्हीं आमच्या वकिलींत पाहिले आहेत.

२००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांच्या कायद्यानें लहान पुरवठादारास ४५ दिवसांच्या आंत पैसे देवविले, आणि न मिळाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँकदराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज. पण बांधकामाचा ठेका या कायद्यांत बसत नाहीं असें मुंबई उच्च न्यायालयानें २०१७ सालीं ठरविलें. याहून मौज २०२३ च्या 'विवाद से विश्वास' योजनेची. आधींच जिंकलेल्या कंत्राटदारांस केंद्र सरकार म्हणालें: न्यायालयाचा निकाल असेल तर शंभरांतील फार तर ८५ घ्या, लवादाचा असेल तर ६५, आणि भांडण मिटवा. जिंकलेल्यानें हरलेल्यास सूट द्यावयाची! तेंच सरकार वस्तू व सेवा कर उशिरां भरणाऱ्याकडून शेंकडा १८ व्याज घेतें.

आमचें मागणें थोडें आहे. पैशाची तरतूद असल्याशिवाय कार्यारंभाचा आदेश निघूं नये. सही झालेल्या देयकावर ४५ दिवसांनंतर न मागतां व्याज चढावें. आणि हें व्याज कोणत्या अधिकाऱ्याच्या विलंबामुळें पडलें तें हिशेबतपासणींत नांवानिशीं दिसावें. कंत्राटदारांसही एक सांगणें आहे. पुढचें काम मिळणार नाहीं या भीतीनें नोटीस न देणारे त्यांच्यांत पुष्कळ आहेत. त्यांनीं मोजमाप पुस्तकाची नक्कल आजच मागून घ्यावी, आणि काम पुरें झाल्याची तारीख आपल्या कचेरीच्या भिंतीवर लिहून ठेवावी.