पगार मागणे म्हणजे बेअदबी नव्हे

गेल्या महिन्यात उर्दू माध्यमाच्या एका मान्यताप्राप्त खासगी शाळेतील शिक्षिका आमच्याकडे आल्या. सोबत अम्मी होत्या. चौदा महिन्यांचा पगार थकलेला. संस्थेचे अध्यक्ष नात्याने फूफा लागतात, म्हणून घरातले सगळे म्हणतात, "सब्र कर, आपल्याच माणसावर कोर्टात जाशील का?" त्या रडल्या नाहीत. अम्मी मात्र मान खाली घालून बसल्या होत्या, कारण सब्र करायला सांगणाऱ्यांत त्याही होत्या.

मजुराच्या घामाची हदीस आपण प्रत्येक जलशात ऐकतो, शाळेच्या वार्षिक समारंभातसुद्धा. पण शिक्षिकेचा पगार ही मजुरी आहे, हे कित्येक संस्थाचालकांना पटत नाही. तिचे काम म्हणे 'कौमची खिदमत'! खिदमत करणाऱ्यालाही घरभाडे भरावे लागते.

आता कायद्याचे. अनेकांना वाटते की कामगार न्यायालयात जावे. शाळेचा शिपाई किंवा कारकून तिकडे जाऊ शकतो, शिक्षक नाही. गोव्यातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1988 साली हे स्पष्ट केले: तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्याच्या अर्थाने शिक्षक 'कामगार' ठरत नाही. महाराष्ट्रात खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींसाठी 1977 चा स्वतंत्र कायदा आहे. त्यातील शाळा न्यायाधिकरण मुख्यतः बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती यांसाठी असते, आणि आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत अपील करावे लागते. नोकरीत असताना नुसता पगार थकला असेल, तर शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार आणि दाद न मिळाल्यास उच्च न्यायालयात रिट याचिका, हा नेहमीचा मार्ग. याचिकेत संस्थेबरोबर शिक्षण खात्यालाही प्रतिवादी करतात.

सब्राची खरी किंमत इथे कळते. थकबाकी साधारणपणे दावा दाखल करण्याआधीच्या 3 वर्षांपुरतीच मिळते. म्हणजे फूफांची भीड धरून चार वर्षे गप्प बसलात, तर पहिल्या वर्षाचा पगार बहुधा बुडालाच. त्यानंतर जाणारा प्रत्येक महिना मागचा एक महिना गिळतो. आम्ही हे सांगितले तेव्हा अम्मींनी पहिल्यांदा मान वर केली.

कागद कोणते? नेमणुकीचा आदेश, रुजू झाल्याचे पत्र, शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता, हजेरीपटाच्या प्रती, बँकेचे पासबुक. आमच्या या बहिणीकडे मान्यतेची प्रतच नव्हती. "ऑफिसात आहे," एवढेच त्यांना माहीत! ती माहितीच्या अधिकारात अर्ज करून मागवता येते. आणखी एक वाईट रिवाज सांगायलाच हवा. पगारपत्रकावर पूर्ण रकमेची सही घ्यायची आणि हातात निम्मे पैसे ठेवायचे. अशी सही करू नका. उद्या कोर्टात तीच तुमच्याविरुद्ध उभी राहील. देण्याघेण्याचा व्यवहार लिहून ठेवायला आपल्याला कुरआननेच शिकवले आहे, त्यात अविश्वास कसला?

वकिलाच्या फीची धास्ती असेल, तर 1987 च्या कायद्याने प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करावा. आणि नोकरी सोडलेल्यांसाठी: 5 वर्षे सलग सेवा झाली असेल तर शिक्षकालाही ग्रॅच्युइटी मिळते. खासगी शाळांनी याला आव्हान दिले होते, पण 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले.

त्या शिक्षिकेने थकबाकीचा महिनावार तक्ता करून अर्ज लिहिला, 15 दिवसांची मुदत दिली आणि दुसऱ्या प्रतीवर शाळेचा आवक शिक्का घेतला. फूफांना आधी सलाम करून मगच कागद पुढे ठेवला, असे अम्मींनी फोनवर सांगितले. पगार अजून आलेला नाही. मुदत पुढच्या जुम्म्याला संपते.