बर्डीतल्या दुकानदारांनो, ग्राहकांची कागदपत्रे आजच आवरा

नागपूरच्या बर्डीतल्या झेरॉक्सच्या दुकानात ऐन गर्दीच्या वेळी जाऊन उभे राहा. ‘या नंबरवर आधार व्हॉट्सॲप करा,’ असे काउंटरवरून सांगतात. आपण पाठवतो, दोन प्रती हातात पडतात, सुटे पैसे देऊन आपण मेट्रो गाठतो. मागे दुकानातल्या संगणकावर व्हॉट्सॲप दिवसभर उघडेच असते. डाउनलोडच्या फोल्डरमध्ये आधार, पॅन, पासबुकाचे पहिले पान, कुणाच्या मुलीची दहावीची मार्कशीट असे सगळे साचत जाते. संगणकाला पासवर्ड नसतो. असलाच तर मॉनिटरच्या कडेला चिठ्ठीवर लिहून चिकटवलेला असतो.

हे आता थांबलेच पाहिजे. डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा २०२३ साली झाला. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले आणि मुख्य बंधने दीड वर्षाच्या मुदतीनंतर, म्हणजे मे २०२७ मध्ये लागू होतात. कायदा मोठ्या कंपन्यांसाठी आहे, हा गैरसमज सोडा. ग्राहकाची माहिती मोबाइलमध्ये किंवा संगणकात ठेवून धंदा करणारा लॉजवाला, सिमकार्ड विकणारा, दवाखाना चालवणारा डॉक्टर, सगळेच त्यात येतात. क्लासवाल्यांनी तर जास्तच जागे व्हावे, कारण अठरा वर्षांखालच्या विद्यार्थ्याची माहिती घ्यायची तर पालकांची पडताळता येईल अशी संमती लागेल. माहिती फुटली तर ज्याची फुटली त्याला आणि डेटा संरक्षण मंडळाला विनाविलंब कळवावे लागेल, मंडळाला सविस्तर तपशील ७२ तासांत. पुरेशी काळजी न घेतल्याबद्दलच्या दंडाची कमाल मर्यादा २५० कोटी रुपये आहे. छोट्या दुकानाला एवढा दंड होणार नाही, चुकीचे गांभीर्य पाहूनच तो ठरेल; पण जबाबदारीतून सुटका नाही.

माहिती सुरक्षेचे आयएसओ २७००१ हे मानक ऐकून अनेकांना धडकी भरते. त्याचा गाभा मात्र साधा आहे: आपल्याकडे कोणती माहिती आहे, ती कोण पाहू शकतो, कधी पुसायची आणि चुकले तर जाब कोण देणार, हे आधी ठरवा, मग तसे वागा आणि वागतोय की नाही ते तपासत राहा. प्रमाणपत्र भिंतीवर टांगून यातले काहीच होत नाही.

दुर्लक्षाची किंमत काय असते, हे पुण्याच्या कॉसमॉस बँकेने दाखवून दिले आहे. ११ आणि १३ ऑगस्ट २०१८ या दोन दिवसांत तिथून सुमारे ९४ कोटी रुपये गेले. चोरांनी एटीएमच्या यंत्रणेत घुसून व्यवहार परस्पर मंजूर करून घेतले; खात्यात पैसे आहेत का, हे बँकेच्या मूळ यंत्रणेला विचारलेच गेले नाही. २८ देशांतल्या एटीएममधून रोकड निघाली. पुढे २०१९ च्या अखेरीस रिझर्व्ह बँकेने नागरी सहकारी बँकांसाठी सायबर सुरक्षेची टप्पेवार चौकट घालून दिली. आपल्या पतसंस्थेच्या, सहकारी बँकेच्या सभेत सभासदांनी उभे राहून विचारावे: आपल्याकडे सायबर सुरक्षेची जबाबदारी कोणावर आहे? नाव सांगा.

बर्डी मेन रोडवरच्या व्यापारी संघटनांना कळकळीची विनंती, पुढच्या बैठकीत हा एकच विषय घ्या. दुकानदारांनो, काम झाले की ग्राहकासमोर फाइल पुसा, रिसायकल बिनही रिकामी करा, संगणकाला पासवर्ड लावा. नोकरी सोडून गेलेल्या पोऱ्याचे लॉगिन त्याच दिवशी बंद करा. ग्राहकांनो, फाइल पुसून घेतल्याशिवाय काउंटर सोडू नका. चालेल तिथे शेवटचे चारच आकडे दिसणारे मास्क्ड आधार द्या. आपल्या नावावर किती सिमकार्डे आहेत, ते संचार साथी पोर्टलवर आजच पाहा. आणि पैसे गेलेच, तर लाजत किंवा वाट पाहत बसू नका, लगेच १९३० वर फोन करा. तक्रार जितकी लवकर पोचेल, तितकी रक्कम अडवली जाण्याची शक्यता जास्त.