फुंक आमची, माप कुणाचं?

डॉक्टर म्हणतात, मशीनला जात नसते. नसेल. पण मशीनला बटनं असतात, बटनामागं तक्ता असतो आणि तो तक्ता कुणीतरी माणसानंच मांडलेला असतो. मी त्या तक्त्याबद्दल बोलणार आहे.

दमाची तपासणी म्हणजे स्पायरोमेट्री. नाकाला चिमटा, तोंडात नळी, छातीभर दम घ्यायचा आणि आतलं सगळं संपेपर्यंत फुंकायचं. पहिल्या सेकंदात किती हवा आली आणि एकूण किती आली, हे मशीन सांगतं. मी सूतगिरणीत कार्डखात्यात आहे. कापसाच्या धुळीनं आमच्या नळ्या आवळतात, हवा बाहेर निघायला वेळ लागतो. हा एक रोग. माझा मामा खडीच्या क्रशरवर. त्याचा रोग दुसरा. दगडाची धूळ फुफ्फुसात रुतते, तिथं वण धरतात, फुफ्फुस जुन्या कातड्यासारखं ताठ होतं. मग हवा निघते झटकन, पण मुळात आत मावतेच थोडी. पहिल्या सेकंदाचं एकूण हवेशी प्रमाण चांगलं दिसतं, एकूण आकडाच खाली येतो. फुफ्फुस आखडलंय असा संशय इथून घ्यायचा. खात्री करायला फुफ्फुसाचं पूर्ण माप काढणारं मोठं मशीन लागतं, ते तालुक्याला कुठलं असायला?

आता खरी मेख. खाली आला म्हणजे कशाच्या खाली? मशीन वय विचारतं, उंची विचारतं, बाई की पुरुष विचारतं. आणि पुष्कळ मशीनं वंश विचारतात. त्यावरून ते ठरवतं की या माणसाचा दम एवढा असायला हवा. समजा 4 लिटर हवा होता आणि आला 3 लिटर. म्हणजे 75 टक्के. जुन्या रीतीनं 80 च्या खाली गेला तो आजारी, म्हणजे हा आजारी. आता वंशाचं बटन दाबा, अपेक्षेतले 12 टक्के कापा. 4 चे झाले 3.52. तेच 3 लिटर आता 85 टक्के होतात. माणूस ठणठणीत! छाती तीच, खोकला तोच. बरा कोण झाला? मालक.

हे कापाकापीचं शास्त्र आलं कुठून? 1846 साली लंडनमध्ये जॉन हचिन्सननं हे यंत्र मांडलं, दोन हजारांवर माणसं फुंकवली, उंचीप्रमाणं दम वाढतो हे दाखवलं. तिथवर ठीक. मग अमेरिकेत सॅम्युअल कार्टराइट नावाच्या डॉक्टरानं ते गुलामांच्या तोंडाला लावलं आणि सांगितलं, काळ्यांचा दम गोऱ्यांपेक्षा 20 टक्के कमी, सक्तीची मजुरी त्यांच्या रक्ताला चांगली. पळून जाणाऱ्या गुलामाला रोग झालाय, असं 1851 साली लिहिणारा हाच तो. त्याच्या हाताला मनुस्मृती लागली नव्हती, लागली असती तर भाषांतर करायची गरज पडली नसती.

हे जुनं झालं म्हणाल, तर 1999 घ्या. बाल्टिमोरला आस्बेस्टॉसनं फुफ्फुसं गेलेले कामगार भरपाई मागत होते. ओवेन्स कॉर्निंग कंपनीचं म्हणणं काय, तर काळ्या कामगारानं गोऱ्यापेक्षा जास्त खराब आकडा दाखवावा, तरच त्याचा दावा धरा. म्हणजे भरपाईच्या रांगेतसुद्धा मागं उभं राहा. 2012 साली जगासाठी नवी समीकरणं निघाली. त्यात गोरे, काळे, उत्तर आणि आग्नेय आशियाचे असे रकाने. भारताला स्वतःचा रकाना नाही. आम्ही ‘इतर’. वंश न विचारणारी समीकरणं यायला 2022 उजाडावं लागलं, आणि 2023 मध्ये अमेरिकेतल्या छातीच्या डॉक्टरांच्या संघटनेनं ती वापरा म्हणून सांगितलं. आमच्या कॅम्पच्या मशीनला ते कोण सांगणार?

आम्हाला हे नवीन नाही. मुंबईच्या गिरण्यांत सूत तोंडाला लावावं लागतं म्हणून आमच्या आज्यापणज्यांना साचाखात्यात घेत नव्हते. जास्त पगार तिथं होता. 1928 च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न लाल बावट्याच्या पुढाऱ्यांपुढं ठेवला. तेव्हा आमची थुंकी बाटवत होती, आता आमचा श्वास कमी भरतो.

एक डॉक्टर भला माणूस, मला म्हणाला, “अरे, गोऱ्यांचं माप लावलं तर निम्मी गिरणी आजारी निघेल. आपल्या लोकांची फुफ्फुसं लहानच असतात.” लहान असतील साहेब. पण ती लहान का? आईच्या पोटात उपास, लहानपणी चुलीचा धूर, बारा वर्षांचा असताना पाठीवर खडीची पाटी. उपाशी माणसांची सरासरी काढायची आणि तिला ‘नॉर्मल’ म्हणायचं, याला मी शास्त्र म्हणत नाही.

त्याच्या बोलण्यात एक खरं आहे आणि ते मी सोडत नाही. आकडा कमी आला की मालक भरपाई देत नाही, गेटाबाहेर काढतो. बरोबर आला तर ‘तुला काही झालं नाही.’ दोन्हीकडनं मरण आमचंच. म्हणून मला ना गोऱ्याचं माप पाहिजे ना ‘इतर’चं. माझं माप मी. कामावर लागल्या दिवशी फुंकवा, आकडा लिहा, दर वर्षी फुंकवा. वयानं वर्षाला 25-30 मिलिलिटर जातात, जाऊ द्या. त्याच्यावर जे गेलं त्याचा हिशोब धुळीला विचारा. आणि आकडा कमी आला तर माणूस धुळीतून काढा, नोकरीतून नको.

1995 साली सुप्रीम कोर्टानं आस्बेस्टॉसच्या खटल्यात सांगितलं, कामगाराच्या तब्येतीची नोंद नोकरीच्या सुरुवातीपासून निदान 40 वर्षं जपा. मी माझी नोंद मागितली तर जॉबर म्हणतो, “कशाला पायजे? कविता लिवनार हाईस काय तिच्यावर?” मामाच्या पट्टीवर ‘नॉर्मल’ छापलंय. मामा जिना चढताना मधे दोनदा बसतो.

दोस्तांनो, ज्यांच्या घरात खाणीवरचं, क्रशरवरचं, गिरणीतलं माणूस आहे त्यांनी पट्ट्या शोधा. टक्क्याकडं बघू नका, लिटरचा आकडा बघा, आणि वंशाच्या जागी काय छापलंय ते बघा. ती पट्टी गुळगुळीत कागदावरची असली तर लगेच झेरॉक्स काढा. त्या कागदावरची अक्षरं काही दिवसांनी उडून जातात.