बांध लांब, शेत लहान

वाचकहो, आज एक हिशेब तुमच्यापुढे ठेवतो. दोघा भावांत वाटणी आहे. जमिनीचा पोत सारखा, पाणीही सारखे. एक तुकडा चौरस, चारी बाजू शंभर-शंभर फुटांच्या. दुसरा लांबट पट्टा, १९० फूट लांब आणि ३० फूट रुंद. चौरसाच्या बांधावरून फेरी मारली तर ४०० फूट चालावे लागते, पट्ट्याच्या बांधावरून ४४० फूट. थोरला म्हणतो, "अरे, तू धाकटा. लांब बांधाचे शेत तूच घे, मला लहान चालेल." धाकटा खूश होतो. भावकीत थोरल्याच्या मोठ्या मनाची वाहवा होते.

आता गुणाकार करा. चौरसाचे क्षेत्र शंभर गुणिले शंभर, म्हणजे १०,००० चौरस फूट. नऊ गुंठ्यांहून थोडे जास्तच. पट्ट्याचे १९० गुणिले ३०, म्हणजे ५,७०० चौरस फूट. सव्वापाच गुंठेसुद्धा भरत नाहीत. थोरल्याने जमीनही घेतली आणि पुण्यही घेतले.

आकडे मी मांडले असले तरी ही लबाडी मी रचलेली नाही, बरे का. इसवी सनाच्या पाचव्या शतकात ग्रीस देशातील अथेन्स शहरी प्रोक्लस नावाचा एक पंडित होऊन गेला. भूमितीवरील ग्रंथात त्याने आपल्याच काळातील अशा लोकांविषयी लिहून ठेवले आहे. एकत्र राहणाऱ्या मंडळींत जमीन वाटताना हे लोक लांब घेराचे पण कमी क्षेत्राचे तुकडे दुसऱ्यांना देत, आखूड घेराचे पण जास्त क्षेत्राचे स्वतः ठेवत, आणि वर प्रामाणिक म्हणवून घेत.

त्याच्याही सहाशे वर्षे आधी पॉलिबियस नावाच्या ग्रीक इतिहासकाराने हाच मुद्दा शहरांच्या बाबतीत सांगितला होता. स्टेड हे त्यांचे अंतराचे माप. मेगालोपोलिस या शहराचा घेर ५० स्टेड होता आणि स्पार्टा शहराचा ४८. तरीही स्पार्टा दुप्पट मोठे, असे तो लिहितो. हे सांगितले की लोकांचा विश्वास बसत नाही, कारण लहानपणी शिकलेली भूमिती ते विसरून गेलेले असतात, अशी त्याची तक्रार आहे. मेगालोपोलिस हे त्याचे स्वतःचे गाव. आपल्या गावाविषयी असे लिहायला मन मोकळे लागते!

तर ही भूमिती ग्रीकांकडे आली कोठून? शेतातून. हिरोडोटस या ग्रीक इतिहासकाराने इ. स. पू. पाचव्या शतकात याची हकीगत लिहिली आहे. मिसर देशात, म्हणजे आजच्या इजिप्तमध्ये, एका राजाने प्रजेला सारखे चौकोनी तुकडे वाटून दिले आणि त्यांवर दरसाल कर बसवला. नाईल नदीच्या पुराने कोणाचे शेत खरवडून नेले, की तो राजाकडे दाद मागे. मग राजाची माणसे येऊन किती जमीन गेली ते मोजत आणि तेवढा कर कमी करत. यातूनच जमीन मोजण्याची विद्या निघाली आणि ग्रीसला गेली, असे हिरोडोटसचे मत आहे. दोरी ताणून मोजणी करणारी माणसे मिसरमध्ये होती. ग्रीक भाषेत भूमितीला जो शब्द आहे त्याचा अर्थच जमिनीची मोजणी. आपला 'भूमिती' हा शब्दही भू आणि मिती मिळून झालेला आहे.

पण मिसरच्या मोजणीत एक खोट होती. चार बाजूंचे शेत असले की मोजणारा समोरासमोरच्या दोन बाजूंची बेरीज करून निम्मी करी. उरलेल्या दोन बाजूंचेही तसेच. मग त्या दोन आकड्यांचा गुणाकार, आणि झाले क्षेत्र. शेत अगदी काटकोनी असेल तर हा हिशेब बिनचूक येतो. पण काटकोनी शेत असते किती जणांचे? ओढ्याच्या कडेने, टेकडीच्या उताराने बांध तिरकाच जातो. समजा, चारी बाजू शंभर फुटांच्या आहेत, पण तुकडा एका अंगाला कललेला आहे आणि समोरासमोरच्या बांधांतले सरळ अंतर ८० फूटच आहे. खरे क्षेत्र ८,००० चौरस फूट. मोजणाऱ्याच्या हिशेबाने १०,०००.

आता गंमत पाहा. ही चूक कधी इकडे, कधी तिकडे होत नाही. काटकोनी नसलेल्या प्रत्येक शेतात हा हिशेब क्षेत्र जास्तच दाखवतो, कमी कधीच नाही. म्हणजे कर क्षेत्रावर असेल तर नुकसान नेहमी कसणाऱ्याचे. मोजणारा लबाड असायची गरजच नाही. त्याचा कायदाच तिरका. आणि शेतकऱ्याने "माझे शेत एवढे नाही" म्हटले तरी ते दाखवणार कसे? पिढ्यान्‌पिढ्या असेच मोजत आलो आहोत, या उत्तरापुढे त्याचे काय चालणार?

याच जागी ग्रीकांचे मोठेपण आहे, असे मला वाटते. मोजणी मिसर आणि बाबिलोनच्या लोकांना त्यांच्या आधीपासून येत होती, हिशेबही येत होते. ग्रीकांनी एक प्रश्न विचारला: हे असेच का? आणि उत्तर असे हवे, की ऐकणाऱ्याला नाही म्हणता येऊ नये. सांगणारा राजा असो की पुजारी, त्याच्या शब्दावर काम भागणार नाही. याला आपण सिद्धता म्हणतो.

ही वाट पहिल्याने चालणारा म्हणून थेलीसचे नाव घेतात. इ. स. पू. ६०० च्या सुमाराचा हा माणूस मायलेटस या बंदराच्या गावचा. माणसाची सावली त्याच्या उंचीएवढी होते त्या घटकेला पिरॅमिडची सावली मोजून त्याने पिरॅमिडची उंची सांगितली, असे पुढच्या लेखकांनी लिहिले आहे. त्रिकोणाच्या दोन बाजू सारख्या असतील तर त्यांच्या पायाचे दोन कोन सारखेच असतात, असल्या साध्या गोष्टीही त्याने मांडल्या. हे तर डोळ्यांना दिसते, मग मांडायचे कशाला, असे तुम्ही म्हणाल. पण डोळ्यांना तर लांब बांधाचे शेतही मोठे दिसते.

थेलीसची एक गोष्ट तुम्हाला आवडेल. विद्येने पोट भरत नाही म्हणून लोक त्याला हिणवत. पुढच्या हंगामात ऑलिव्हचे पीक भरघोस येणार हे त्याने ताडले, ऐन थंडीत स्वस्त भाड्याने आसपासचे सगळे तेलघाणे बांधून ठेवले, आणि हंगामात ते आपल्या भावाने चढवून दिले. ही गोष्ट अ‍ॅरिस्टॉटलने सांगितली आहे.

पुढच्या शतकात पायथागोरस आणि त्याची शिष्यमंडळी आली. घराचा पाया आखताना गवंडी एका बाजूला तीन हात, दुसऱ्या बाजूला चार हात मोजतो आणि तिरके अंतर पाच हात भरले की कोन गुण्यात आला म्हणतो. त्यामागचा नियम तोच, ज्याला आज पायथागोरसचे नाव आहे. नियम बाबिलोनच्या लोकांना आधीच ठाऊक होता. आपल्याकडील बौधायनाच्या शुल्बसूत्रातही तो यज्ञवेदी आखण्यासाठी दिला आहे, आणि शुल्ब म्हणजे दोरीच.

पण या शिष्यमंडळींना एक चमत्कारिक गोष्ट सापडली. चौरसाची बाजू ५ धरा. कर्ण जवळजवळ ७ येतो. पण ५ चा वर्ग दोनदा घेतला तर ५०, आणि ७ चा वर्ग ४९. एकाने कमी. बाजू १२ धरा, कर्ण १७: इकडे २८८, तिकडे २८९. एकाने जास्त. बाजू २९ आणि कर्ण ४१ घ्या: इकडे १,६८२, तिकडे १,६८१. पुन्हा एकाने कमी! कितीही बारीक माप घ्या, बाजू आणि कर्ण दोन्ही त्यात पुरे बसणे शक्यच नाही, हे ग्रीकांनी सिद्ध केले. हे गुपित ज्याने फोडले तो समुद्रात बुडाला, अशी एक दंतकथाही आहे.

प्लेटोच्या 'मेनो' या संवादात सॉक्रेटिस एका गुलाम पोराला हाक मारतो. शाळेचे तोंड न पाहिलेले पोर. सॉक्रेटिस त्याला विचारतो, दोन फूट बाजूचा चौरस आहे, क्षेत्र चार. याच्या दुप्पट क्षेत्राचा चौरस काढायचा तर बाजू किती? पोर चटकन म्हणते, दुप्पट. काढून पाहतात तर क्षेत्र सोळा! मग म्हणते, तीन. ते निघते नऊ. पोर गोंधळते. मग सॉक्रेटिस प्रश्न विचारत त्याला कर्णापर्यंत आणतो, आणि त्या कर्णावर काढलेला चौरस बरोबर आठाचा येतो. हे त्या पोराला स्वतःच्या डोक्याने पटते. ज्या समाजात ते पोर गुलाम होते, त्याच समाजाच्या ग्रंथात ही गोष्ट लिहिलेली आहे, हे मात्र विसरू नये. या पंडितांना विचार करायला जी फुरसत होती, तिच्यामागे शेतात आणि घरात राबणारे असे कितीतरी गुलाम होते.

इ. स. पू. ३०० च्या सुमारास मिसरमधील अलेक्झांड्रिया शहरात युक्लिडने ही सगळी विद्या तेरा भागांच्या एका ग्रंथात ओवली. आधी थोडी गृहीते सांगायची आणि मग एकेक पायरी मागच्या पायरीवर ठेवत जायचे. त्याच्या पहिल्याच भागात आपल्या तिरक्या शेताचा निकाल आहे. पाया एकच आणि समोरचा बांध त्याच समांतर रेषेवर असेल, तर तुकडा सरळ असो की तिरका, क्षेत्र तेवढेच. घरी वह्यांची चळत घ्या आणि हाताने एका बाजूला कलती करा. कड तिरकी होईल, लांबेल, पण कागद काही वाढायचा नाही. तिरक्या बांधाची लांबी गुणाकारात घ्यायचीच नसते. घ्यायचे असते ते दोन बांधांमधले सरळ अंतर.

पुढच्यांपैकी आर्किमिडीजने वर्तुळाचा घेर व्यासाच्या ३ पूर्णांक १०/७१ पेक्षा जास्त आणि ३ पूर्णांक १/७ पेक्षा कमी असतो हे सिद्ध केले. शाळेतले बावीस सप्तमांश ते हेच. झेनोडोरसने दाखवले, की सारख्या घेराच्या आकृत्यांत सर्वांत जास्त जागा वर्तुळ व्यापते. पॅपसने मधमाश्यांचे कौतुक केले आहे: फट न राहता एकमेकांना बिलगणाऱ्या, बाजू आणि कोन सारखे असलेल्या आकृत्या तीनच, तिकोनी, चौकोनी आणि षट्कोनी, त्यांतली तेवढ्याच मेणात जास्त मध मावणारी षट्कोनी आकृती माश्यांनी निवडली. आणि हेरॉनने तीन बाजूंवरूनच त्रिकोणाचे क्षेत्र काढण्याची रीत सिद्धतेसह लिहून ठेवली. बाजू १३, १४ आणि १५ काठ्या असतील तर बेरजेचे निम्मे २१. त्यातून एकेक बाजू वजा केली की ८, ७ आणि ६. या चारही आकड्यांचा गुणाकार ७,०५६, आणि त्याचे वर्गमूळ ८४. हे खरे क्षेत्र. मिसरचा मोजणारा चौथी बाजू शून्य धरून याच शेताचे ९८ सांगेल.

एवढे सगळे झाल्यावर तो जुना हिशेब बंद पडला असेल, असे तुम्हाला वाटेल. मुळीच नाही. मिसरमध्येच एडफू येथे होरस देवाचे मोठे देऊळ आहे. ते बांधले गेले तेव्हा राज्य ग्रीक राजांचे होते, त्याच घराण्याचे ज्याच्या राजधानीत युक्लिड होऊन गेला. देवळाच्या भिंतीवर इ. स. पू. १०० च्या सुमारास दान जमिनींची मापे कोरली आहेत. मापे त्याच जुन्या, समोरासमोरच्या बाजू निम्म्या करण्याच्या रीतीची! करासाठी जमिनी मोजल्याच्या त्या देशातील कागदांतही हाच हिशेब आढळतो. युक्लिडला दोनशे वर्षे झाली होती. ग्रंथ राजधानीच्या ग्रंथालयात होता आणि शेतकरी शेतात होता. मधले अंतर कोणी मोजले नाही. मोठ्या पंडितांना हातचे काम हलके वाटे, हेही त्याचे एक कारण असावे. ज्यांच्या तिजोरीत जास्तीचे पडत होते त्यांना घाई नव्हती, हे तर उघड आहे.

युक्लिडचा ग्रंथ पुढे अरबी भाषेत गेला. अठराव्या शतकाच्या पहिल्या भागात सवाई जयसिंगाच्या पदरी असलेल्या जगन्नाथ सम्राट या पंडिताने तो अरबीवरून संस्कृतात आणला आणि 'रेखागणित' नाव दिले. तो संस्कृत ग्रंथ १९०१-०२ साली आपल्या मुंबईत छापला गेला.

आता मुलांना कामाला लावा. चोवीस वीत लांबीची सुतळी घेऊन टोके बांधा. अंगणात तिचा आधी ११ वीत लांब आणि १ वीत रुंद पट्टा करा, मग ८ आणि ४ चा, मग ६ आणि ६ चा, शेवटी गोल. प्रत्येक वेळी आत ज्वारीचे दाणे एकेरी थरात पसरा आणि मापाने मोजा. पट्ट्यात ११ मापे मावली तर दुसऱ्यात ३२, चौरसात ३६ आणि गोलात जवळजवळ ४६ मावतील. दाणे नंतर कोंबड्यांना टाकायचे की परत कणगीत, ते घरच्या बाईमाणसाला विचारून ठरवा.