मोहिनी कसली, गुंगीच्या गोळ्या!

चार्ल्स शोभराजचं नाव निघालं की आपल्याकडे अजूनही कुणीतरी म्हणतंच, ‘पण माणूस मोठा मोहक होता हो!’ माझं डोकं तिथेच सणकतं. कसली मोहिनी? 1975चं बँकॉक. पाठीवर पिशवी टाकून भटकणारी, पोट बिघडलेली, खिसा आटलेली परदेशी पोरं. हा त्यांना घरी आणायचा, गोड बोलून विचारपूस करायचा आणि औषध म्हणून असं काही पाजायचा की पोरगं अंथरुणातून उठूच नये. वर शुश्रूषाही हाच करणार! पैसे आणि पासपोर्ट तर जायचेच, काहींचा जीवही गेला. मग मेलेल्याच्या पासपोर्टवर स्वारी पुढच्या देशात. याला मोहिनी म्हणायचं, तर रेल्वेत गुंगीची बिस्किटं चारून बॅगा पळवणाऱ्यांनाही मदनाचे अवतार म्हणा.

हा शब्द खरा सोयीचा आहे तो पोलिसांना आणि वकिलातींना. हिप्पी पोरं कुठे गेली, हे कुणाला शोधायचंच नव्हतं. थाई पोलिसांनी 1976 मध्ये त्याला चौकशीला नेलं आणि सोडूनही दिलं. चिकाटीने पाठ धरली ती हर्मन क्निपेनबर्ग या डच वकिलातीतल्या कनिष्ठ अधिकाऱ्याने. हाताशी दोन डच प्रवाशांचे जळके मृतदेह, वर साहेबांची नाराजी.

आणि त्याची ती अफाट बुद्धी! जुलै 1976, दिल्लीतलं हॉटेल. फ्रेंच विद्यार्थ्यांच्या जथ्याला याने आमांशावरच्या म्हणून गोळ्या वाटल्या. गुंगी वेळेआधीच चढली, पोरं धडाधड कोसळली आणि शुद्धीवर होते त्यांनी महाशयांना तिथेच दाबून धरलं. दहा वर्षांनी तिहारमधून पळाला, तोही पहारेकऱ्यांना गुंगीची मिठाई चारून. दशकभरात दुसरी युक्ती सुचली नाही! तीन आठवड्यांत, 6 एप्रिल 1986ला, पर्वरीच्या ‘ओ कोकेरो’ हॉटेलात मुंबई पोलिसांच्या मधुकर झेंड्यांनी त्याची मानगूट धरली. 1971 मध्येही त्यांनीच पकडला होता. चेहरा ध्यानात होता, एवढंच. पुढे त्या हॉटेलात पुतळा बसला तो मात्र शोभराजचा.

2003 मध्ये तर जिथे जुन्या खुनासाठी हवा होता, त्याच काठमांडूत हा जुगार खेळायला गेला आणि जन्मठेप घेऊन बसला. डिसेंबर 2022 मध्ये, 78व्या वर्षी सुटला. काठमांडूहून निघालेल्या विमानातला त्याचा एक फोटो तेव्हा जगभर फिरला. त्यात शेजारच्या आसनावरची बाई त्याच्याकडे बघतेय. ती नजर जरूर पाहा.