बाहुली म्हणता, दोरी कोणाच्या हातात आहे?

परवा जयसिंगपुरातल्या एका सत्कार समारंभात एका जाणत्या वक्त्याने भरपूर टाळ्या घेतल्या. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : बायकांना ग्रामपंचायतीत निम्म्या जागा दिल्या, पण सरपंचबाई घरात आणि कारभार नवऱ्याच्या हातात. सही तिची, हुकूम त्याचा. हे सोंग बंद करावं. कर्तबगार बाईला आरक्षण लागत नाही. ताराराणींना कुठे लागलं होतं?

ताराराणींचंच आधी घेऊ. १७०० साली राजाराम महाराज गेले आणि ताराराणींनी औरंगजेबाशी सात वर्षं झुंज दिली. ते कर्तृत्व वादातीत आहे. पण त्या राणी होत्या, गादीच्या वारसाची आई होत्या. उदगावच्या शेतात भांगलण करणाऱ्या बाईने ती पायरी कुठून आणायची? अगदी अलीकडचं बघा. याच भागाने १९९९ आणि २००४ साली, कुठलंही आरक्षण नसताना, निवेदिता माने यांना लोकसभेत पाठवलं. पण त्यांचे सासरे बाळासाहेब माने याच मतदारसंघाचे दीर्घकाळ खासदार होते. आरक्षणाशिवाय दार उघडतं ते बहुतेक वेळा असं, घराण्याच्या किल्लीने.

आता नवऱ्याच्या कारभाराकडे वळू. तो चालतो, नाकारण्यात अर्थ नाही. पण त्या नवऱ्याला मासिक सभेत खुर्ची कोण देतं? ग्रामसेवक देतो. पंचायत समितीतला साहेब सरपंचाचा नंबर म्हणून कोणाचा फोन लावतो? नवऱ्याचा. गावच्या बैठकीत ‘वहिनी, तुम्ही चहाचं बघा’ कोण म्हणतं? आपणच. गुन्हा पुरुषांनी करायचा आणि शिक्षा म्हणून जागा बायकांची काढून घ्यायची, हा न्याय मला मान्य नाही.

आणि बाहुल्या फक्त बायकाच असतात का? या ऊसपट्ट्यात राहणाऱ्याने तरी हे बोलू नये. विकास सोसायटीचं पॅनेल कुठे ठरतं? नेत्याच्या बंगल्यावर. कारखान्याच्या बैठकीत किती संचालक स्वतःच्या मनाने हात वर करतात? ज्याने उभं केलं त्याच्याकडे बघून मान हलवणारे पुरुष तीन पिढ्या संस्थांमध्ये बसले आहेत. त्यांना कोणी बाहुली म्हटलं नाही. त्यांना ‘निष्ठावंत कार्यकर्ता’ म्हणतात, वाढदिवसाला त्यांचे फलक लागतात. पुरुष दुसऱ्याच्या सांगण्यावरून सही करतो म्हणून पुरुषांच्या जागा रद्द करा, अशी मागणी मी आयुष्यात ऐकलेली नाही. बाईने पहिल्या वर्षी नवऱ्याला विचारून सही केली की लगेच आरक्षण देणारी घटनादुरुस्तीच चुकीची ठरते. बरं, ती तिसऱ्या वर्षी विचारेनाशी होते, चौथ्या वर्षी बिल अडवते आणि पाचव्या वर्षी सोडतीत जागा बदलते. शिकलेली बाई घरी जाते. याबद्दल वक्त्याने एक अक्षर काढलं नाही.

हे आक्षेप जुनेच आहेत. १९९४ साली महाराष्ट्रात मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांसारखा हक्क मिळाला, तेव्हाही घरं फुटतील म्हणून ओरड झाली होती. घरं फुटली नाहीत. बहिणींना गोड बोलून दुय्यम निबंधकाकडे नेलं आणि हक्कसोडपत्रं करून घेतली.

बायका काय करतात हे बघायला लांब जायला नको. आपल्याच शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडने मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. नवरा गेल्यावर बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं, जोडवी काढणं बंद. सरपंच पुरुष होते आणि त्यांचं श्रेय त्यांना आहेच. पण ठराव मांडणारी आणि त्याला अनुमोदन देणारी, दोघीही बायकाच होत्या. त्याच महिन्यात सरकारने इतर ग्रामपंचायतींना हा कित्ता गिरवायला सांगितलं. सभेत बायकाच नसत्या तर हा विषय पटलावर आला असता, असं मला वाटत नाही.

आणि बाहेरच्या देशात काय आहे तेही बघा. इंडोनेशियात पक्षांनी उमेदवार यादीत तीस टक्के बायका द्यायच्या असा कायदा आहे. तिथे राखीव आहे ती उमेदवारी, निवडून येण्याची खात्री नाही. आपल्याकडे जागाच राखीव आहे. हा आपला पुढारलेपणा आहे आणि तो सोडायला आपण निघालो आहोत.

माझी मागणी छोटी आहे. राखीव जागा सलग दोन मुदती तशीच ठेवा. सभेत सदस्याशिवाय कोणी बसला तर ग्रामसेवकाला जबाबदार धरा. आणि सातबाऱ्यावर बाईचं नाव लावा, कारण कारखान्याचं सभासदत्व उसाच्या जमिनीवर मिळतं आणि जमीन पुरुषाच्या नावावर असते. म्हणून तर एकवीस संचालकांत बायकांच्या दोन जागा कायद्याने ठेवाव्या लागल्या. त्या वक्त्याला सोंगाचा एवढा राग असेल, तर त्याने आपल्या उसाच्या निम्म्या क्षेत्राला बायकोचं नाव लावून द्यावं आणि पुढच्या वार्षिक सभेला तिला एकटीला पाठवावं.